पेरूच्या वाडीतला आवाज

चहा गार झाला तरी चालेल, पण मध्येच हसायचं नाही, आधीच बजावतो. ही फजिती मी अजून घरच्यांनाही सांगितलेली नाही.

पंधरा वर्षं मी परदेशात वार्ताहर होतो, हे तुम्हाला माहीतच आहे. दोन युद्धं पाहिली, गोळीबार चालू असताना जेवलो. आता वसईच्या एका कॉलेजात पत्रकारिता शिकवतो आणि पापडीला भाड्याच्या घरात एकटा राहतो. पण पोरं ऐकतात का? मागच्या बाकावरचा रोशन तोंडावर म्हणायचा, "सरांनी लढाया हॉटेलात बसून लिहिल्या असणार!" सगळा वर्ग खिदळायचा. मला फार लागायचं हो ते. आता तुमच्यापासून काय लपवू, दोन-तीन बातम्या हॉटेलातूनच लिहिल्या होत्या!

अशात तो आवाज सुरू झाला.

घरामागे पेरूची दाट वाडी आहे. भर दुपारची वेळ. पान हलत नव्हतं, कुत्रंसुद्धा भुंकत नव्हतं. आणि आतून एका पुरुषाचा घोगरा आवाज आला, "मी मेलेली माणसं पाहिली आहेत..."

मग सगळं चिडीचूप. मग पुन्हा, "तुमच्यातले किती जण परत येतील?"

घास हातातच राहिला माझ्या! खिडकीतून पाहिलं, तर वाडीत माणूस नाही. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशीही तोच माणूस, तेच शब्द, तीच वेळ. शेजारच्या मार्था आंटींना विचारलं, तर त्यांनी कपाळाला हात लावून क्रुसाची खूण केली. म्हणाल्या, "तिकडं जाव नका, सर. मानूस नाय दिसत. आवाजच येतो."

आता शहाण्या माणसाने काय केलं असतं? गप्प बसला असता. मी वर्गात जाऊन छाती फुगवली! "उद्या प्रात्यक्षिक. या आवाजाचा छडा लावायचा. मी पुढे, तुम्ही माझ्या मागे."

सानिका नावाची एक शांत मुलगी आहे, तिने हात वर केला. "सर, तो आवाज ना..."

"ऐकीव नको! बातमीदार आधी जागेवर जातो."

"पण सर, ती वाडी..."

"जागेवर, सानिका!"

बिचारी खाली बसली.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी मी आणि मागे बारा पोरं वाडीत शिरलो. आत नुसता अंधारलेला हिरवा उजेड. एक पाखरू नाही, किडासुद्धा किरकिरत नाही. माझ्या अंगावर सर्रकन काटा आला. पण मागे रोशन होता ना! चालत राहिलो. आणि बरोबर डोक्यावरून आवाज आला.

"हलू नका."

मी जागीच थिजलो.

"कोणीतरी तुमच्याकडे पाहतंय."

देवा रे!

"पळू नका. पळणारा आधी मरतो."

मी पळालो! पोरांना ढकलून पळालो. एक चप्पल तिथेच राहिली, दुसरीसकट मी पाण्याच्या पाटात तोंडावर आपटलो. तोंडात चिखल, डोळे घट्ट मिटलेले, आता मानेवर हात पडणार म्हणून वाट बघतोय. आणि वरून तो आवाज म्हणतो,

"आता वह्या काढा. धडा तिसरा, युद्धवार्तांकन."

अहो, धडा माझा! आवाजही माझाच! सगळा जन्म लिहिण्यात गेला, स्वतःचा आवाज मी बाहेरून कधी ऐकला होता?

"तेच सांगत होते, सर," सानिका रडवेली झाली. "वाडी आमची आहे. तुमच्या तासाचं रेकॉर्डिंग मीच बाबांना दिलं. झाडावर कर्णा बांधलाय."

तेवढ्यात आरडाओरडा ऐकून तिचे बाबा जेवणावरून उठून धावत आले. मला उभं केलं आणि चक्क हात जोडले. "लागला नाय ना, सर? लय उपकार झाले तुमचे! आधी मी जेवायला जाताना गानी लावून जायचो, तर पोपट गानी ऐकत पेरू खायचे. तुमचा तास लावला तवापासून एक पोपट फिरकत नाय!"

शरमेने मान वर होईना. तेवढ्यात रोशन पुढे आला, स्वतःच्या रुमालाने माझं तोंड पुसायला लागला.

"जाऊ द्या सर. आम्ही तर रोज बसतो ना तुमच्या तासाला?"

खरं सांगतो, मी त्याचा हात घट्ट धरला. म्हटलं, "का रे बसता, बाळा?"

"पोपटांना हजेरीची सक्ती नसते, सर."