उतरता आकडा

बहारीनला ईसा टाउनमध्ये आम्ही राहायला आलो तेव्हापासून आमचे डॉक्टर एकच. मूळचे केरळचे, साठीला टेकलेले. त्यांचं हिंदी आमच्याहून कच्चं, त्यामुळे त्यांच्यासमोर बोलताना कधी संकोच वाटला नाही. मुलीच्या गोवरापासून माझ्या पाठदुखीपर्यंत सगळं त्यांना तोंडपाठ होतं.

नवरा तेव्हा सित्र्यात पाइपांच्या वर्कशॉपमध्ये फोरमन होता. सेहेचाळीस वर्षांचा, कधी सर्दी नाही की पडसं नाही. वर्षाची तपासणी म्हणून एकदा मीच त्याला ओढून नेलं. डॉक्टरांनी रक्ताचा रिपोर्ट वाचला, मग फाइल उघडून मागच्या वर्षीचा कागद काढला आणि दोन्ही शेजारी शेजारी ठेवले.

"हिमोग्लोबिन थोडं उतरलंय," ते म्हणाले.

"किती?"

"थोडंच. पण पुरुषाचं रक्त उगाच उतरत नाही. तीन महिन्यांनी या. आणखी खाली गेलं असेल तर ते कुठे जातंय हे शोधावं लागेल."

त्यांनी फाइलवर तसं लिहिलं आणि खाली रेघ मारली. बाहेर आल्यावर नवरा हसला. "डॉक्टर म्हातारे झाले. आता सगळ्यात रोग दिसणार त्यांना." मीही हसले.

ते तीन महिने भरायच्या आत कंपनीने इन्शुरन्स बदलला. नवीन कार्डं आली, जुनी परत घेतली. मी अपॉइंटमेंटसाठी फोन केला तर रिसेप्शनवरची मुलगी म्हणाली, "सॉरी मॅडम, तुमचा प्लॅन आता आमच्याकडे चालत नाही."

"मग आमची फाइल?"

"कधीही या, कॉप्या काढून देते."

जाईन म्हटलं. चालत सात मिनिटांवर तर होतं.

नवीन प्लॅनच्या यादीतून आम्ही एक मोठं क्लिनिक निवडलं. तिथल्या डॉक्टरांनी रक्त तपासलं. आकडा आणखी जरासा खाली होता, पण त्यांच्यासमोर तो एकटाच होता. स्क्रीनकडे बघतच ते म्हणाले, "जरा ॲनिमिया आहे. उन्हातलं काम, जेवणाच्या वेळा नाहीत. लोहाच्या गोळ्या देतो. आणि हो, गोळ्यांनी संडास काळी होते. घाबरू नका."

आम्ही घाबरलो नाही. पुढे दोन वर्षं ती काळी होत राहिली आणि आम्ही घाबरलो नाही. हे वाक्य मी आजही लिहिताना थांबते.

मग सित्र्यातलं काम संपलं आणि त्याला हिद्दला दुसऱ्या कंपनीत नोकरी मिळाली. नवीन कंपनी, नवीन प्लॅन, तिसरा डॉक्टर. मी बरोबर होते. डॉक्टरांनी विचारलं, "आधीचं काही?" नवरा म्हणाला, "काही नाही. जरा रक्त कमी, गोळ्या चालू आहेत." डॉक्टरांनी रक्त तपासलं आणि त्याच गोळ्या पुन्हा लिहिल्या. मी तोंड उघडलं नाही. मला वाटलं, तीन डॉक्टरांनी बघितलंय, म्हणजे बघितलंय.

तो बारीक होत चालला होता. गणपतीला आमच्या रत्नागिरीकडची मंडळी जमली तेव्हा सगळ्यांनी कौतुक केलं. "काय, डाएट करताय की काय?" तोही पोट आत घेऊन दाखवायचा. घरी मात्र बाजारातून दोन पिशव्या उचलून आणल्या की दारातच बसायचा. एकदा मुलगी त्याच्याकडे बघत राहिली आणि मला म्हणाली, "आई, व्हाय इज बाबा सो यलो?" मी म्हटलं, ट्यूबलाइटमुळे वाटतं. पण दुसऱ्या दिवशी सकाळी खिडकीपाशी तो चहा पीत होता तेव्हा मी उजेडात नीट बघितलं. ओठांना रंगच नव्हता. दोन वर्षं मी रोज ह्या माणसासमोर ताट वाढत होते.

त्या वर्षी हिद्दच्या कंपनीने प्लॅन आणखी खालचा केला. यादी लहान झाली आणि चौथा डॉक्टर आमच्या वाट्याला आला. लखनौकडची एक तरुण बाई, गर्दीच्या छोट्या क्लिनिकमध्ये. मी फारशी आशा ठेवली नव्हती. तिने नवऱ्याची पापणी खाली ओढून बघितली आणि पेन खाली ठेवलं.

"गोळ्या किती दिवस घेताय?"

"दोन वर्षं होतील."

"दोन वर्षं?" तिने माझ्याकडे बघितलं. "आज इथे रक्त द्या. आणि मला आतापर्यंतचे सगळे रिपोर्ट हवेत. अगदी पहिल्यापासून. उद्याच आणा."

मी दुसऱ्या दिवशी केरळच्या डॉक्टरांच्या दवाखान्यात फाइलच्या कॉप्या घ्यायला गेले. डॉक्टर रिकामेच होते, मला बघून उठून उभे राहिले. मी सांगत गेले तसा त्यांचा चेहरा उतरत गेला.

"इथून दोनदा फोन गेला होता तुम्हाला," ते म्हणाले.

गेला होता. मी नंबर ओळखलाही होता. आता आपला प्लॅन तिथे चालत नाही, उगाच नाही म्हणायला लागेल, म्हणून उचलला नव्हता. हे मी त्यांना सांगितलं नाही. नवऱ्यालाही कितीतरी महिन्यांनी सांगितलं.

डॉक्टरणीने चारही ठिकाणचे कागद टेबलावर तारखेप्रमाणे मांडले. साडेतेरा, बारा पॉइंट सहा, साडेअकरा, नऊ पॉइंट आठ. बोट एकेका आकड्यावर टेकवत ती खाली आली. "काळी संडास नुसती गोळ्यांची नसेल, रक्तही जात असेल. ह्यांना कोलोनोस्कोपी लागेल, आतड्यात दुर्बीण घालून बघायला," ती म्हणाली. "आठवड्याच्या आत."

पण त्याला इन्शुरन्सचं अप्रूव्हल लागत होतं. फॉर्मवर एक ओळ होती: त्रास पहिल्यांदा कधी लक्षात आला? क्लिनिकच्या इन्शुरन्स काउंटरवर रायगडकडचा एक मुसलमान गृहस्थ होता. आम्ही मराठीत बोलतोय हे ऐकून तो पुढे वाकला आणि हळू आवाजात म्हणाला, "ताई, हा जुना कागद लावलात तर वरून क्वेरी येणार. म्हणतील, प्लॅन सुरू व्हायच्या आधीचा आजार आहे, आम्ही बघणार नाही. नाही लावलात तर मी काही पाहिलं नाही."

नवरा लगेच म्हणाला, "ठेव तो पिशवीत. सहा महिने लिही."

केरळच्या डॉक्टरांचं अक्षर, त्यांनी मारलेली रेघ माझ्या हातात होती. दोन वर्षं तो कागद कुणाच्याही समोर आला नाही, म्हणून आम्ही इथे बसलो होतो. तो पुन्हा लपवायला माझा हात होईना. प्रामाणिकपणा वगैरे नव्हता त्यात, भीती होती. स्कोपी करणाऱ्या डॉक्टरला तरी सगळं कळायला हवं, एवढंच डोक्यात होतं. मी कागद जोडला आणि खरी तारीख लिहिली.

क्वेरी आली. नवरा दोन दिवस माझ्याशी बोलला नाही. ताट समोर ठेवलं की मान खाली घालून जेवायचा, अर्धं टाकून उठायचा. तिकडे डॉक्टरणीने कंपनीला फोनावर फोन केले. नवव्या दिवशी स्कोपीपुरतं अप्रूव्हल आलं. पुढच्या कशाचीही हमी नाही, असं त्यात स्पष्ट लिहिलं होतं.

स्कोपीनंतर ती करणाऱ्या डॉक्टरांनी आम्हाला दोघांना आत बोलावलं आणि दार लावून घेतलं. दार लावलं तेव्हाच मला कळलं. उजव्या बाजूला मोठ्या आतड्यात गाठ होती. नवऱ्याने एकच विचारलं, "हे दोन वर्षांपूर्वी सापडलं असतं तर?"

डॉक्टर म्हणाले, "ते आता कुणी सांगू शकणार नाही."

ऑपरेशनचं अप्रूव्हल येईल की नाही याची वाट न बघता आम्ही कोल्हापूरला दिरांकडे गेलो. ऑपरेशन तिथेच झालं. गाठ निघाली, पण शेजारच्या दोन लसीका ग्रंथींपर्यंत पोचली होती. मग केमो. मुलगी शाळेसाठी ईसा टाउनला शेजाऱ्यांकडे राहिली. फोनवर ती इंग्रजीतच विचारायची आणि मी मराठीत खोटं सांगायची.

सात महिन्यांनी तो हिद्दला कामावर परत आला. कंपनीने जागा ठेवली होती, ते त्यांचे उपकारच. आता तो ऑफिसात बसून असतो, वजन थोडं भरलंय. शेवटचा स्कॅन चांगला आला. पण डॉक्टर 'बरे झालात' असं म्हणत नाहीत. 'पुढच्या वेळी बघू' म्हणतात.

फोन न उचलल्याचं मी त्याला सांगितलं तेव्हा तो टीव्ही बघत होता. त्याने आवाज बंद केला. मग म्हणाला, "मी तरी कुठे विचारलं तुला, तीन महिने झाले का म्हणून?"

त्याने मला माफ केलं की नाही, हे मी विचारलेलं नाही. तपासणीच्या आधीच्या आठवड्यात आम्ही दोघंही जरा जास्तच बोलतो, कशाहीबद्दल. मुलीची परीक्षा, भाजी, गावचे आंबे. ह्या गुरुवारी रक्त द्यायचंय.