दीड तासाची दंडार

भिलाईच्या पोलाद कारखान्यात, टाइम ऑफिसात अच्युतराव माझ्या शेजारच्या टेबलावर बसायचे. दुर्गचं जुनं मराठी घराणं, कडक इस्त्रीचा सदरा, आणि बोलणं असं की समोरच्याला आपलं शिक्षण वाया गेल्यासारखं वाटावं. कारखाना उभा राहत होता, आम्ही धूळ खात होतो, आणि हे गृहस्थ दर पंधरवड्याला नागपूरच्या एका साप्ताहिकात नव्या शहराच्या संस्कृतीवर लिहायचे. बंगाल्यांची नाटकं, रशियन इंजिनियरांसाठी ठेवलेलं गाणं, नव्या बाजारातली गर्दी, काही सोडायचे नाहीत. लिहायचे मात्र झकास, हे मी नाकारणार नाही.

साठ सालच्या दिवाळीनंतर भंडाऱ्याकडच्या कामगारांनी कारखान्याजवळच्या कोहका गावात मंडई, म्हणजे त्यांच्याकडची दिवाळीनंतरची जत्रा, भरवली आणि दंडार, म्हणजे तिकडचं गाण्यानाचाचं लोकनाट्य, केली. गाणी रचणारा चिंधू कारखान्यातल्या कोक ओव्हनच्या भट्टीवर कामाला होता. अच्युतराव सायकलनं गेले, दीड तास बसले आणि परत आले. आता दंडारीत आधी नुसती थट्टामस्करी चालते, खरी कथा नंतर लागते आणि पहाटेपर्यंत चालते. हे तिकडचं शेंबडं पोरही सांगेल. पण शिकलेल्या माणसानं विचारायचं कशाला! त्यांनी लिहून टाकलं, 'या खेळाला कथाच नाही. नव्या शहरात असल्या आरडाओरड्याला जागा नसावी.'

"अहो, कथा लागायच्या आधीच उठलात तुम्ही," मी म्हटलं. ते हसले. दुरुस्ती लिहा म्हणून मी हट्ट धरायला हवा होता. पण ते मला ज्येष्ठ. पुढच्या गणपतीसाठी वसाहतीतल्या एका सेक्टरच्या उत्सव समितीनं चिंधूच्या मंडळींना बोलावलं होतं. लेख वाचून समितीनं बोलावणं फिरवलं.

सहा वर्षांनी अच्युतराव भंडाऱ्याकडे साकोलीजवळ एका लग्नाला गेले आणि तिथे त्यांनी अख्खी दंडार पाहिली. सोमवारी ऑफिसात आले ते तोंड पाडूनच. "फार मोठी चूक केली मी," म्हणाले. संध्याकाळी मला घेऊन कोहक्याला निघाले. चिंधूनं पुन्हा दंडार उभी करावी, आपण शेवटपर्यंत बसावं आणि खरं काय ते लिहावं, एवढंच त्यांच्या मनात होतं.

चिंधूनं खाट टाकली, त्याच्या बायकोनं, गयाबाईनं, चहा ठेवला. अच्युतरावांनी सरळ हात जोडले. चिंधू भांबावला. चिडला असता तर परवडलं असतं.

"माफी कावून मांगता जी? पेपर मी दुसऱ्याकून वाचून घेतला होता. तुमी शिकलेले माणसं, तुमी लिवलं तं खरंच असन म्हनलं. मंग मीच सगळ्यायले सांगतलं, आपल्यात काई दम नाई, बंद करा. आता गानेबी याद नाई येत मले."

परतताना अच्युतराव सायकल हातात धरून चालत होते. त्यानंतर त्यांनी एक ओळ लिहिली नाही. साप्ताहिकाची तीन पत्रं आली, तीही तशीच पडून राहिली. एकदा मी फारच टोचलं, तेव्हा म्हणाले, "इतकी वर्षं लिहिलं. मनावर घेणारा वाचक एकच भेटला, आणि त्यालाच मी न पाहिलेलं सांगितलं."