सटवाजी मामांच्या खिशातली लाल बत्ती

आमच्या घरात लाईटीवरून जेवढी भांडणं झाली, तेवढी कोणाच्या घरात वाटणीवरूनबी झाली नसतील. माझे सासरे सटवाजी मामा ग्रामपंचायतीत शिपाई होते. नोटिसा वाटणं, दवंडी देणं ही कामं होतीच, पण त्यांचं जीव ओतून करायचं काम म्हणजे खांबांवरच्या लाईटी. तिन्हीसांजेला खांबाखांबापाशी जाऊन लावायच्या अन् उजाडताना तशीच फेरी मारून बंद करायच्या. खांबाची पेटी शॉक मारायची म्हणून त्यांनी वाळल्या बांबूची एक काठी केली होती. तिच्या टोकानं खटका खाली-वर करायचे. उजाडल्यावर कुठं बल्ब जळताना दिसला की त्यांच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. "दिवसाढवळ्या लाईट जळून राहिली, कोणाच्या बापाची हाय?" हे त्यांचं बोलणं आमच्या साखरा गावात बारक्या लेकरालाबी पाठ आहे.

अन् अशा माणसाच्या पोटी आमचे हे. नवऱ्याचं नाव घेऊ नये म्हणतात. पण राग आला की मी घेते, अन् राग मला रोजच येतो. भागवत. गोरेगावला यांचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. घरात भर दुपारी ट्यूब चालू, माणूस बाहेर अन् पंखा आत फिरून राहिला, चार्जर जागोजागी लोंबकळलेले. मामा पुढं पुढं बंद करत जायचे, हे मागं मागं लावत यायचे. मधल्या मधी माझी भाकर करपायची.

त्यात यांना एक हौस. बोटाएवढी इलेक्ट्रॉनिक बोर्डं मागवायची अन् त्यांना तारा जोडत बसायचं. त्या बोर्डात आपण सांगू ते काम भरता येतं म्हणे. टाकी भरली की शिट्टी वाजणार होती, ती टाकी कोरडी असताना वाजली. कुलर आपोआप चालू होणार होता, तो आपोआप बंद पडला. मी म्हटलं, तुमच्यापेक्षा बोर्डाला जास्त अक्कल दिसते, निदान गप तर बसतं.

हे सगळं हसण्यावारी चाललं होतं. मग मामा विसरायला लागले. आधी चष्मा विसरले, मग जेवलेलं विसरले, मग माणसं विसरायला लागले. मला कधी माझ्या नावानं मंजुषा म्हणायचे, कधी "ओ बाई" म्हणायचे. फक्त एक गोष्ट त्यांच्या डोक्यातून गेली न्हाई. झुंजूमुंजू झालं की काठी घ्यायची अन् लाईटी बंद करायला निघायचं. आता गावात सोलरच्या लाईटी आल्यात, सूर्य उगवला की आपसूक विझतात. शंभरदा सांगितलं. पण खांब संपले तरी मामांची फेरी संपत न्हाई. गावातले झाले की रस्त्यावरचे, रस्त्यावरचे झाले की पुढच्या गावचे. एकदा नाल्यात पडून होते, गुडघा फोडून घेतलेला. तेव्हापासून माझ्या जिवाला घोर लागला. म्हातारा माणूस, रस्त्यानं गाड्या भरधाव जातात, विहिरींना कठडे न्हाईत.

कडी लावून बघितली. तर आतून दार बडवून असे ओरडले की सगळी गल्ली जागी झाली. हे म्हणाले, बापाला कोंडून ठेवणार न्हाई. मोबाईल दिला तर तो उजेड पाडतो म्हणून बंद करून कणगीत टाकला. ठावठिकाणा सांगणारं तयार घड्याळ मिळतं, ते आणून हातात बांधलं, तर मामा ते बैलाच्या गळ्यात बांधून आले. दिवसभर आमचा बैल कुठं आहे ते आम्हाला बराबर समजत होतं.

मग भागवतरावांनी बोर्ड काढलं. त्याला सिमकार्डाचा एक तुकडा जोडला, जागा ओळखायचा एक तुकडा जोडला, खाली सेल बसवला, अन् सगळं एका तंबाखूच्या डबीत घातलं. मामांच्या बंडीला आतून खिसा असतो, त्यात डबी जन्मभर राहत आलेली. म्हणून ती काढून टाकणार न्हाईत, असा हिशोब. ते तेवढं डोकं मी मानलं. डबीला एक बारीक भोक, त्यातून लाल बत्ती दिसायची. बत्ती लागली म्हणजे चालू.

पहिल्या दिवशी मामा कुठं कुठं फिरले ते यांच्या मोबाईलवर येत गेलं. काय तो आनंद! दुपारपर्यंत. दुपारी सेल संपला. दुसऱ्या दिवशीबी तेच. एवढं बोटभर बोर्ड अन् भूक बैलाची. यांना विचारलं तर म्हणाले, बोर्ड दिवसभर जागं राहतं, सारखी रेंज शोधत राहतं, त्यानं खातं. मग त्याला झोपायला शिकवलं. अर्ध्या तासानं उठायचं, मामा कुठं आहेत ते कळवायचं, अन् परत झोपायचं. त्याला शिकवायला यांनी स्वतःची झोप घालवली अन् माझीबी.

तरी सेल टिकेना. कोंबडं आरवायच्या आत डबी चार्जिंगवरून काढून खिशात घालावी, तर दोन चहा होईपर्यंत निरोप बंद. त्यातच मामा एकदा गेले अन् डबी मुकी झाली. आम्ही चारी दिशांना धावलो. शेवटी सेनगावची जीप चालवणारे चाँद पाशाभाई त्यांना पुढच्या शिटावर बसवून घेऊन आले. म्हणाले, चाचा मेरी गाडी की हेडलाइट बंद करने को खडे थे बीच रोड में. हसत सांगितलं त्यांनी, पण ब्रेक लागला नसता तर काय झालं असतं ते त्यांच्या तोंडावर दिसत होतं. ते गेल्यावर मी ओट्यावर बसून रडले.

त्या दिवशी मी भागवतला धारेवर धरलं. तेव्हा कबूल केलं यांनी की बोर्ड झोपलं तरी ती लाल बत्ती झोपत न्हाई. ती जन्मजात बोर्डावर चिकटलेली असते, करंट आहे तोवर जळते. झोपलेलं बोर्ड जेवढं खातं, त्याच्या शंभरपट एकटी बत्ती खाते. मी म्हटलं, मग उपटून फेका की. तर म्हणे, मग डबी चालू आहे का बंद, हे कळणार कसं? कपाळ माझं! मी म्हटलं, माझ्या कपाळावर न्हाई बत्ती, तरी मी चालू आहे हे कळतं ना तुम्हाला? तर यांनी सेलातच खोट काढली. सेल नकली आहेत, एवढ्या लवकर बत्तीनंबी संपणार न्हाईत, असं म्हणत हिंगोलीला गेले, दुकानदाराशी भांडले, अन् मोठे सेल घेऊन आले. मोठे सेलबी सकाळीच मुके.

काखेत कळसा अन् गावाला वळसा म्हणतात ते खोटं न्हाई. दोन दिवसांनी मी अंगणात हळद निवडत बसले होते. मामा ओट्यावर उन्हात. त्यांनी खिशातून डबी काढली. भोकातली लाल बत्ती बघितली. मान वर करून सूर्याकडं बघितलं, परत बत्तीकडं बघितलं. अन् पुटपुटले, "दिवसाढवळ्या जळून राहिली." डबीच्या बाजूला बारीक खटका होता, तो नखानं बराबर खाली केला. बत्ती गेली. मग डबी अगदी नीट खिशात ठेवून दिली.

सेल संपत नव्हता. मामा रोज सकाळी ड्युटी करत होते.

रात्री चार्जिंगला लावताना खटका खाली दिसायचा, अन् मला वाटायचं यांनी केला, यांना वाटायचं मी केला. मला आधी हसू आलं. मग एवढं भरून आलं की हळदीचा हात डोळ्याला लागला अन् डोळे चुरचुरायला लागले. संध्याकाळी यांना सांगितलं. मला वाटलं, खटका आत घालतील, नवीन काही डोकं लढवतील. पण यांनी तसलं काही केलं न्हाई. डबी उघडली, बोर्ड काढलं, अन् सोल्डरिंगचं टोक लावून ती बत्ती उचलून टाकली. मोहरीएवढी तर होती. खटका तसाच ठेवला. मामांचं भांडण लाईटीशी होतं, खटक्याशी न्हाई. पुन्हा त्यांनी डबीला बोट लावलं न्हाई. सेल आठवडा आठवडा चालायला लागला.

आता सुख लागावं की न्हाई? पण आगीतून फुफाट्यात. डबी आता दिसायला मेलेलीच. चालू आहे का बंद, देवाला ठाऊक. मी दिवसातून दहादा ती हातात घेऊन बघायची, अन् दहादा यांच्या मोबाईलवर निरोप आला का विचारायची.

अन् मग पौष महिन्यातली ती सकाळ. धुकं असं की आमच्या दारातून गोठा दिसेना. मी उठले तर मामांचं अंथरूण थंडगार अन् कोपऱ्यातली काठी न्हाई. यांना हलवून उठवलं. मोबाईल बघितला तर शेवटचा निरोप गावातलाच, मारुतीच्या पारावरचा. बाहेर रस्त्यावरून उसाचे ट्रॅक्टर जाऊन राहिले होते, नुसता आवाज यायचा, गाडी दिसत नव्हती.

मी म्हटलं, विचारा ना त्या डबीला, कुठं आहे ते. हे म्हणाले, विचारता येत न्हाई, ती झोपलेली आहे. उठली की सांगेल.

मी आयुष्यात एवढी कधी चिडले न्हाई. सासरा धुक्यात हरवलाय, रस्त्यानं ट्रॅक्टर चाललेत, अन् माझा नवरा सांगतो की डबी झोपली आहे, अन् झोपली आहे म्हणूनच जिवंत आहे! मी म्हटलं, अन् मेली असली तर? त्यावर यांचं तोंड एवढंसं झालं. बत्ती असती तर मामांनी उजाडताच डबी बंद केली असती, हे यांना ठाऊक होतं. बत्ती न्हाई तर डबी जिवंत आहे का, हे कोणालाच ठाऊक नव्हतं. हे अंगणात मोबाईल धरून उभे, अन् मी यांच्या मोबाईलकडं बघत उभी. शोधायला निघावं तर कोणत्या दिशेला? रस्ता तिकडंबी जातो अन् इकडंबी.

टुंग वाजलं. मीच मोबाईल ओढून घेतला. हिंगोलीच्या रस्त्यावर, गाव सोडून पुढं, कापसाच्या एका जिनिंगच्या गेटापाशी. पुढं काय बोललो आठवत न्हाई. मी शाल घेतली अन् गाडीवर मागं बसले.

धुक्यात लांबून पहिल्यांदा काय दिसलं, तर लाईट. गेटावरचा मोठा फ्लडलाईट दिवस उगवला तरी भक्क जळत होता. त्याच्या खाली मामा. काठी वर करून, टाचा उंचावून, खटका शोधत होते. वर खटका नव्हताच. शेजारी वॉचमन हात जोडून उभा. भीमराज त्याचं नाव. तो सांगायला लागला की बाबा मघापासून इथंच आहेत, चहा दिला तर घेतला न्हाई, रस्त्यावर जाऊ नका म्हणून मीच धरून ठेवलं, पण ऐकून राहिले न्हाईत, लाईट बंद कर म्हणतात, अन् बटन ऑफिसात आहे, मालक आल्याशिवाय मला हात लावायची परवानगी न्हाई.

मी मामांच्या अंगावर शाल टाकली. हात बर्फासारखे. "मामा, घरी चला," म्हटलं. हलले न्हाईत. वरच बघत होते.

आमचे हे वॉचमनपुढं गेले. ज्या माणसानं जन्मात घरातली एक ट्यूब बंद केली न्हाई, तो दुसऱ्याच्या गेटावरची लाईट बंद करा म्हणून विनवण्या करून राहिला. भीमराजनं एकदा यांच्याकडं बघितलं, एकदा मामांकडं बघितलं, अन् मालकाला काय सांगायचं ते माझं मी बघतो म्हणून आत गेला.

लाईट गेली. मामांनी काठी खाली घेतली. खांद्यावरचं ओझं उतरल्यासारखा श्वास सोडला. मग आमच्या यांच्याकडं वळले. सख्ख्या पोराकडं. अन् रस्त्यात भेटलेल्या पाहुण्याशी बोलावं तसं अदबीनं बोलले.

"साखऱ्याकडं चालले का तुमी? माझं पोरगं हाय तिथं, भागवत. त्याला सांगा, मी येऊन राहिलो. घोर लावून घेईल ते. पोरगं गुणाचं हाय, पण दिवसाढवळ्या लाईट जाळतं."

यांनी मामांच्या बंडीवरून हात फिरवला. आतली डबी चाचपली. ती तिथंच होती, गप, अंधारी.

"सांगतो," हे म्हणाले. "पण आता न्हाई जाळत तो. बंद केली त्यानं, बाबा."

"केली?" मामांनी विचारलं.

"केली."

"मग बराबर," म्हणाले मामा, अन् आपल्या पोराच्या खांद्याचा आधार घेऊन गाडीवर बसले.