गेंदाबुआच्या चार रोट्या

रतलामच्या आमच्या घरात दिवेलागणीला गेंदाबुआ खोल्याखोल्यांतून हिंडायची. "किती रोट्या?" सासरे चार, नवरा पाच, मी तीन. सासूबाई "भूकच नाही गं बाई" म्हणत चार सांगायच्या. शिवाय पहिली गाईची, शेवटची कुत्र्याची. कणीक मोजूनच भिजवायची. एक जरी रोटी उरली तरी सासूबाईंच्या तोंडाचा पट्टा सुरू.

गेंदाबुआ म्हणजे माझ्या सासऱ्यांची धाकटी बहीण. तेविसाव्या वर्षी विधवा होऊन माहेरी आली, ती चाळीस वर्षं चुलीपुढेच. तिला मात्र कुणी कधी विचारलं नाही. ती आपल्या चार लाटून ठेवायची आणि सासरे रोज चार सांगून सहा हाणायचे. त्या वरच्या दोन बुआच्या ताटातल्या! मग ही उरलेल्या दोन रोट्या डाळीच्या पाण्यात बुडवून खायची. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड व्हायचा. पण तोंड उघडलं की नवरा डोळे वटारायचा.

एका गुरुवारी सासऱ्यांनी हाक मारली, "गेंदा, अजून एक आण."

"भैया, चार सांगितल्या होत्या. आता उरल्यात त्या माझ्या."

"कुणाच्या घरात बसून बोलतेयस?"

"आपल्या बापाच्या."

सासऱ्यांनी ताट भिरकावलं. बुआने पसरलेली डाळ पुसली, हात धुतले आणि तिथेच बसून चारही रोट्या खाल्ल्या.

दुसऱ्या दिवशी सासूबाईंनी फर्मान काढलं, "आजपासून मी विचारणार." सगळ्यांना विचारून झालं. गाय झाली, कुत्रा झाला. बुआ लाटणं घेऊन समोर उभी होती. तिच्याकडे न बघताच सासूबाई म्हणाल्या, "झालं, एवढ्याच."

मला राहवेना. "माझ्या सात."

"सात? पोट आहे की पोतं?"

"पोतं समजा!"

बुआ माझ्यावरच खेकसली, "गप गं! तुझ्या तीनच सांग. भीक नकोय मला." मग तिने लाटणं सासूबाईंच्या हातात कोंबलं. "भाभी, माझ्या चार. आणि लाटा आता तुम्हीच."

आणि ती भावाशेजारच्या पाटावर जाऊन बसली.

सासूबाईंना जन्मात गोल रोटी जमली नव्हती. त्या दिवशी सगळ्यांनी जळके नकाशे चावले. सासऱ्यांनी पाचवी मागितली नाही. बुआने आपल्या चार खाल्ल्या.