कपाळावरची खूण

पांढुर्ण्याच्या कोर्टाबाहेर मी टायपिंग करतो. सावरगावचे ते काका बाकावर आधी रुमाल अंथरत, मगच बसत. चोरीच्या खोट्या तक्रारीतून निर्दोष सुटल्यावर त्यांनी तक्रार करणाऱ्या पांढुर्ण्याच्या माणसावरच दावा लावला होता. त्याने ती आकसानेच केली, हे सिद्ध करायचं होतं.

वकील म्हणाले, "कपाळावरची ही खूण त्याच्याच दगडाची ना? जुनं वैर म्हणून लिहू."

मी ओळ टाइप केली. काकांनी ती खोडायला लावली.

"दगड त्यानंच मारला, पण पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी दोन गावांत दगडफेकीची जत्रा भरते, त्या गोटमारीत. नदीच्या त्या काठावरून तो मारून राहिला होता, या काठावरून मी. गोटमारीच्या दगडात आकस नसते, साहेब."

"मग दावा हराल, काका."

"हरतो मंग," म्हणत त्यांनी रुमाल झटकला.

ते निर्दोष असल्याचा निकाल मी आधीच वाचला होता. पटला त्या दिवशी.