हप्ता वाढला नाही म्हणून मिसळ

व्याजदर वाढल्याच्या बातम्या रोज येत होत्या, पण इंदिरानगरच्या आमच्या फ्लॅटचा हप्ता रुपयानेही वाढला नाही. बँक आपल्याला वचकून असते, असं जाहीर करून मी बायकोला थाटात मिसळ खायला नेलं.

रस्सा वाढून घेत ती म्हणाली, “अहो, हप्ता तोच, मग वाढलेलं व्याज भरतंय कोण? बँकेचे साहेब?”

तिचं तोंड बंद करायला मी ऐटीत बँकेचं ॲप उघडलं. हप्ता खरंच तोच होता. मुदत मात्र वाढवून ठेवली होती. शेवटचा हप्ता मी सहासष्ट वर्षांचा झाल्यावर! नोकरी अठ्ठावन्नला संपते आणि मला पेन्शन नाही.

“मग निवृत्तीनंतर हप्ते कशातून भरणार? नाटकात कामं करून?” तिने विचारलं.

“म्हाताऱ्याच्या भूमिकेला मेकअप तरी लागणार नाही,” मी म्हणालो. पण दुसरा पाव मागवला नाही.

सोमवारी बँकेत जाऊन आम्ही स्वतःच हप्ता वाढवून मागितला. झेपेल तेवढा वाढवला, तरी कर्ज माझ्या एकसष्टीपर्यंत चालणारच. मधल्या तीन वर्षांचं काय, हे आम्ही दोघांनी अजून एकमेकांना विचारलेलं नाही.