बारशाआधी अर्थ तपासला तेव्हा

माझ्या धाकट्या भावाला लग्नानंतर नऊ वर्षांनी मुलगी झाली. भावजयीने नाव मोबाइलवरच्या एका साइटवरून काढलं होतं. नाव हिब्रू, अर्थ ‘देवाने उत्तर दिलं’. ते इथे लिहीत नाही, मोठी झाली की तिचं तीच सांगेल. नऊ वर्षं भावजयीने देवाला काय काय विचारलं असेल, ते तिलाच ठाऊक. तिला नावापेक्षा तो अर्थ हवा होता.

माझा त्या साइटवर काडीचा भरवसा नव्हता. तिथे निम्म्या नावांचा अर्थ ‘देवाची देणगी’ आणि उरलेल्यांचा ‘राजकन्या’. बारशाला बाळाच्या कानात नाव सांगायचं आत्याने, म्हणजे मी. खोटं कसं सांगू? बरं, बारशापर्यंत नाव बाहेर फुटू द्यायचं नाही, हाही आमच्या घरचा नियम. मग मी शक्कल लढवली. त्याच साइटवरची आणखी चार नावं अर्थासकट उतरवली, आमचं मधे दडवलं आणि कागद घेऊन माझगावला माझ्या शाळेतल्या गणिताच्या बाईंकडे गेले.

बाई बेने इस्राएली, म्हणजे आपल्याकडच्या ज्यू, मूळच्या अलिबागकडच्या. घरात मराठी, प्रार्थना हिब्रूत. मला त्यांनी पासापुरत्या मार्कांवर एक मार्क कधी दिला नाही. त्यांनी कागद पाहिला आणि सवयीने लाल पेन काढलं. पहिल्या नावाचा अर्थ चूक. दुसऱ्याचाही चूक. आणि तिसरं आमचं होतं.

“ह्याचा अर्थ बरोबर आहे,” बाई म्हणाल्या. “पण हे पुरुषाचं नाव गं. आमच्यात मुलींना नाही ठेवत.”

अर्थ खरा निघाला! त्यांचे पाय धरावेसे वाटले मला. मी मोठ्यानेच हुश्श केलं असणार, कारण त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं.

“बारसं कधी आहे?”

झालं, शक्कल पाण्यात गेली. रविवारी आहे म्हटलं आणि त्यांनाही यायचं आमंत्रण दिलं. उरलेली दोन नावं त्यांनी तरीही तपासलीच.

चिंचपोकळीला घरी येऊन भावजयीला सगळं सांगितलं, पुरुषाचं नाव आहे हेसुद्धा. वाटलं, आता ही रडणार.

“असू दे की,” ती म्हणाली. “बापाचं नाव, आडनाव, सगळी पुरुषांचीच तर लावतो आपण. अर्थ खरा आहे ना, ताई?”

“खरा आहे. हे बघ, बाईंनी बरोबरची खूण केलीय.”

तिने कागद हातात घेतला, त्या खुणेवर बोट ठेवलं आणि तेव्हा मात्र ती रडली.

“त्या साइटवर माझाही विश्वास नव्हता,” ती म्हणाली. “पण अर्थ खोटा निघाला तर, म्हणून कुणाला विचारायची हिंमतच होत नव्हती. बरं झालं, तुम्ही विचारलंत.”